मेलेल्यांची परवानगी, न जन्मलेल्यांचा पत्ता

समजा, एक प्रकाशन संस्था आहे. तिचे काही लेखक सातशे वर्षांपूर्वी वारले आणि तिचे बरेचसे वाचक अजून जन्माला यायचेत. हस्तलिखित येतं तेराव्या शतकातून, प्रुफं तपासली जातात विसाव्या शतकात आणि पुस्तक दुकानात लागतं २११४ साली. लेखकाला फोन करून ‘हा शब्द ठेवू की काढू?’ असं विचारता येत नाही. वाचकाला काय आवडतं, हेही कळायला मार्ग नाही. अशा संस्थेत तुम्हाला संपादकाची नोकरी मिळाली, तर पहिल्या दिवशी पहिला निर्णय कशाच्या जोरावर घ्याल?

ही कल्पना विज्ञानकथेला शोभणारी आहे. पण मी धुळ्याची आहे, आणि धुळे-जळगाव पट्ट्यात वाढलेल्या माणसाला यात कल्पना फार थोडी दिसते. आमच्या खानदेशात हे काम सव्वाशे वर्षं तरी चालू आहे. त्याला कालयंत्र लागत नाही. माळ्यावरची दप्तरं, वाळवी, शाई आणि कुणाची तरी भयंकर चिकाटी एवढं पुरतं.

मला कुतूहल आहे ते या कामामागच्या हक्काचं. जो माणूस आता ‘हो’ म्हणू शकत नाही आणि ‘नको’ही म्हणू शकत नाही, त्याचे शब्द छापण्याचा अधिकार आपल्याला कुठून मिळतो? आणि जो अजून जन्मालाच आलेला नाही, त्याच्यासाठी काही जपून ठेवायला आपण बांधील आहोत का?

इतरांची पत्रं वाचणारा माणूस

विश्वनाथ काशिनाथ राजवाडे हे नाव शाळेत ‘इतिहासाचार्य’ या पदवीसकट पाठ केलं जातं आणि परीक्षेनंतर विसरलं जातं. त्यांनी १८९८ साली ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’चा पहिला खंड छापला. असे एकूण बावीस खंड झाले. गावोगाव पायपीट करायची, जुन्या वाड्यांत जायचं, दप्तरं सोडवून घ्यायची, मोडी वाचायची, नकला करायच्या आणि छापायच्या, हा त्यांचा जन्मभराचा उद्योग. १९१० साली पुण्यात भारत इतिहास संशोधक मंडळ उभं राहिलं ते त्यांच्याच पुढाकाराने. आयुष्याच्या शेवटी ते धुळ्याला आले आणि ३१ डिसेंबर १९२६ रोजी इथेच वारले.

पुढची गोष्ट मला जास्त महत्त्वाची वाटते. त्यांच्या मागे कागदांचे ढीग उरले. धुळ्यातल्या मंडळींनी १९२७ साली त्यांच्या नावाने संशोधन मंडळ काढलं आणि ते कागद सांभाळले. त्यातून १९३७ साली ‘राजवाडे धातुकोश’ निघाला आणि १९४२ साली ‘राजवाडे नामादिशब्दव्युत्पत्तिकोश’. संपादन कृष्णाजी पांडुरंग कुलकर्णी यांचं. म्हणजे पहिला कोश छापला गेला तेव्हा लेखकाला जाऊन दहा वर्षं उलटली होती, दुसऱ्याच्या वेळी पंधरा. आयुष्यभर मेलेल्या माणसांचे कागद छापणारा माणूस स्वतःच दुसऱ्यांनी छापायचा कागद झाला.

आता जरा ‘साधनां’मधल्या पत्रांचा विचार करा. पानिपतच्या आसपासच्या काळात कुणीतरी घाईघाईने लिहिलेली पत्रं. त्यात पैशाची निकड, कुणाची तक्रार, घरची काळजी. ती एका माणसाने एका माणसासाठी लिहिली होती. अडीचशे वर्षांनी धुळ्यातली एक मुलगी बसस्टॉपवर उभी राहून ती मोबाईलच्या पडद्यावर वाचेल, याला त्यांनी मान्यता दिलेली नव्हती. तरी राजवाड्यांनी चोरी केली असं आपल्याला वाटत नाही. उलट उपकार वाटतात. पण आज कुणी तुमच्या आईचे व्हॉट्सॲपवरचे मेसेज छापले, तर तुम्ही पोलिसांत जाल.

फरक कशाने पडला? नुसता काळ गेल्याने? मग किती काळ? आपला कायदा एक आकडा देतो: लेखकाच्या मृत्यूनंतर साठ वर्षं, आणि पुस्तक मृत्यूनंतरच पहिल्यांदा निघालं असेल तर निघाल्यापासून साठ वर्षं. त्यानंतर ते सगळ्यांचं. पण हा हिशेब मालकीचा आणि मानधनाचा आहे. अब्रूचा, विश्वासाचा, घरातल्या गोष्टी घरात राहण्याचा हिशेब त्यात बसत नाही. एकसष्टाव्या वर्षी एक जानेवारीला सकाळी कुणाची लाज संपते, असं थोडंच आहे?

मेलेल्या माणसाला काही इजा होत नाही, असं एक जुनं उत्तर आहे. ग्रीक तत्त्वज्ञ एपिक्युरस म्हणायचा, मरण आहे तिथे आपण नाही, मग दुःख कुणाला? तर्क बिनचूक आहे, पण आपण तसं वागत नाही. मृत्युपत्र पाळतो. आजोबांनी सांगितलेलं झाड तोडत नाही. दिलेला शब्द ऐकणारा गेला म्हणून आपण त्यातून सुटत नाही, हे बारा वर्षांच्या पोरालाही कळतं.

न पोचलेलं, झाकलेलं आणि तारीख घातलेलं

मला वाटतं, इथे आपण तीन वेगळ्या गोष्टींची गल्लत करतो. एखादं लेखन लोकांपुढे आलेलं नसतं, यामागे तीन प्रकारची कारणं असू शकतात.

पहिलं कारण साधं: ते पोचलंच नाही. बहिणाबाई चौधरींचं उदाहरण सगळ्यांना माहीत आहे, पण या अंगाने पुन्हा पाहू. जन्म १८८० चा, जळगावजवळच्या असोद्याचा. लिहिता-वाचता येत नव्हतं. शेतात, घरात, जात्यावर गाणी सुचायची आणि त्या म्हणायच्या. मुलगा सोपानदेव आणि नात्यातले पितांबर चौधरी यांनी त्यातली काही उतरवून घेतली. ३ डिसेंबर १९५१ रोजी त्या गेल्या. पुढच्या वर्षी पुस्तक आलं, प्रस्तावना आचार्य अत्र्यांची. हे धन महाराष्ट्रापासून लपवणं गुन्हा ठरेल, असा अत्र्यांचा सूर होता, ही आठवण अजून सांगितली जाते. आज जळगावच्या विद्यापीठाला त्यांचं नाव आहे.

बहिणाबाईंनी गाणी लपवली नव्हती. त्या मोठ्याने म्हणत होत्या, ज्याला ऐकू येईल त्याने ऐकावं. त्यांच्या आणि वाचकाच्या मध्ये उभी होती ती निरक्षरता, बाईपण आणि शहरापासूनचं अंतर. अशा ठिकाणी छापणं म्हणजे दार फोडणं नव्हे, वाटेतला धोंडा बाजूला करणं. इथे मी अत्र्यांच्या बाजूने आहे.

दुसरं कारण: ते मुद्दाम झाकलेलं असतं. महानुभाव पंथाचे जुने ग्रंथ शतकानुशतकं सांकेतिक लिप्यांत लिहिले गेले. त्यातली सकळ लिपी प्रसिद्ध आहे. एका अक्षराच्या जागी दुसरं अक्षर. किल्ली माहीत नसेल तर समोर पोथी उघडी असूनही वाचता येत नाही. ग्रंथ भलत्या हाती पडू नयेत, त्यांची विटंबना होऊ नये, हा हेतू. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला राजवाडे आणि वि. ल. भावे यांच्यासारख्या अभ्यासकांनी ती लिपी उलगडली आणि मराठीचं सातशे वर्षांपूर्वीचं गद्य बाकीच्या महाराष्ट्रापुढे आलं. त्याशिवाय आपल्या भाषेचा इतिहास आपल्याला अर्धाच माहीत राहिला असता.

पण इथे ‘नको’ होतं. अक्षराअक्षरात लिहिलेलं ‘नको’. ते मोडण्याचा अधिकार कुणाला? मला सुचतं ते असं: कुलूप कशासाठी लावलं होतं, ते आधी विचारावं. ते कारण अजून जिवंत आहे का? आणि याचं उत्तर एकट्या संशोधकाने देऊ नये. ज्यांच्या रोजच्या जगण्यात ते ग्रंथ आहेत त्यांना विचारावं. पुढे पंथातल्याच जाणकारांनी हे ग्रंथ देवनागरीत छापले, हे मला फार मोलाचं वाटतं. लेखक गेले होते, पण ज्यांच्यासाठी त्यांनी कुलूप लावलं त्यांचे वारस हयात होते. मेलेल्यांची परवानगी मिळत नाही, तरी तिच्या जवळपास जाणारं काहीतरी मिळू शकतं.

याहून कठीण प्रसंगही असतात. काफ्काने मित्राला, मॅक्स ब्रोडला, माझं सगळं जाळून टाक असं लिहून ठेवलं होतं. काफ्का १९२४ मध्ये गेला आणि १९२५ मध्ये ब्रोडने ‘द ट्रायल’ छापली. आपण हे जाळणार नाही असं आपण काफ्काला तोंडावर सांगितलं होतं, एवढाच ब्रोडचा बचाव. मला तो पुरेसा वाटत नाही. तरीही ती कादंबरी नसलेलं जग मला नको आहे. या दोन्ही गोष्टी एकाच वेळी खऱ्या आहेत आणि त्यांची तडजोड मला जमलेली नाही.

तिसरं कारण: झाकलेलं, पण उघडण्याच्या तारखेसकट. नॉर्वेत ऑस्लोजवळच्या जंगलात केटी पॅटरसन या कलावंत बाईने २०१४ साली एक प्रकल्प सुरू केला. एक हजार रोपटी लावली. दरवर्षी एक लेखक एक हस्तलिखित देतो. पहिलं मार्गारेट ॲटवूडने दिलं. ती सगळी ऑस्लोच्या ग्रंथालयात एका खोलीत बंद आहेत. २११४ साली त्याच झाडांच्या कागदावर ती छापली जातील. तोवर कुणी वाचायची नाहीत. सुरुवातीची काल्पनिक प्रकाशन संस्था ती हीच, फक्त खरी.

यात लेखकाची संमती पुरेपूर आहे. अडचण दुसऱ्या टोकाला आहे. ते लेखक गृहीत धरतात की शंभर वर्षांनी त्यांची भाषा वाचणारं कुणीतरी असेल. इंग्रजीत लिहिणाऱ्याने तसं गृहीत धरायला हरकत नाही. अहिराणीत कुणी असं हस्तलिखित दिलं तर? झाडं वाढतील, कागद होईल, शाईही मिळेल. वाचक मिळेल का? आमच्या वर्गात घरी अहिराणी आणि शाळेत ‘नीट बोल’ असं चालायचं. आता घरीसुद्धा ‘नीट’च बोलतात. म्हणून खानदेशातून पुढच्या शतकाला पुस्तक पाठवायचं तर सोबत किल्लीही पाठवावी लागेल: शब्दांचे अर्थ, कोणत्या गावात कसं म्हणतात, उच्चार, आवाज. राजवाड्यांनी आयुष्याच्या उत्तरार्धात धातू आणि शब्दांच्या व्युत्पत्ती का गोळा केल्या असतील, हे मला यामुळे नव्याने कळलं. कोश हे स्वतः पुस्तक असतंच, पण ते दुसऱ्या पुस्तकांची दारं उघडी ठेवण्याचंही काम करतं.

मधला हात

लेखक आणि वाचक काळाच्या दोन टोकांना असले की मध्ये कुणीतरी तिसरा लागतोच. धुळ्याच्या तुरुंगात १९३२ साली असा एक तिसरा माणूस होता. विनोबा भावे तिथे सत्याग्रही कैदी होते. २१ फेब्रुवारीपासून १९ जूनपर्यंत दर रविवारी ते गीतेच्या एकेका अध्यायावर बोलले. अठरा रविवार, अठरा अध्याय. समोर कैदी. ते बोलणं लिहून घेतलं साने गुरुजींनी. त्याचं पुस्तक झालं ‘गीता प्रवचने’ आणि ते देशातल्या अनेक भाषांत गेलं.

मुखपृष्ठावर नाव विनोबांचं, आणि ते योग्यच आहे. पण आपल्या कानावर पडतो तो आवाज गुरुजींच्या हातातून आलेला असतो. बोलणाऱ्याचा वेग पेन्सिलला गाठता येत नाही. कुठे वाक्य आवळावं लागतं, कुठे गाळलेलं नंतर आठवून भरावं लागतं. तिथे निदान बोलणारा आणि लिहिणारा एकाच भिंतीच्या आत होते. शंका आली तर विचारता येत होतं. बहिणाबाईंच्या गाण्याला जात्यावर रोज थोडी वेगळी चाल, थोडा वेगळा शब्द मिळत असणार. कागदावर त्यातलं एकच रूप उतरलं आणि तेच कायमचं झालं. त्यांची बोली छापताना पुस्तकी मराठीत ‘सुधारली’ नाही, हे आपलं नशीब. तो मोह मधल्या हाताला सहज होऊ शकला असता.

तेव्हा मधल्या हाताची पहिली जबाबदारी अशी की त्याने आपण आहोत हे लपवू नये. कुठून घेतलं, कुणाकडून घेतलं, काय लागलं नाही, काय गाळलं, हे सांगावं. नंतर येणाऱ्याला त्याच्याशी भांडता आलं पाहिजे. ‘हेच खरं, एवढंच होतं’ असं म्हणणारा संपादक मेलेल्याचं तोंड दुसऱ्यांदा बंद करतो.

माझ्या फोनमधल्या ओव्या

हे सगळं मी हवेत बोलत नाहीये. माझ्या जुन्या फोनमध्ये माझ्या आजीच्या ओव्यांची रेकॉर्डिंगं आहेत. जातं घरात उरलं नव्हतं, ती नुसतीच भिंतीला टेकून म्हणायची. भावाच्या ओव्या, पंढरीच्या, पावसाच्या. आणि दोन अशा, ज्यांत सासरच्या माणसांची नावं घेऊन, झालेला छळ जसाच्या तसा सांगितलेला. हे लोकांना ऐकवू का, असं मी विचारलं तेव्हा ती हसून म्हणाली, “आते हाई कोन ऐकस?” आता हे कोण ऐकतं! हा होकार नव्हता, नकारही नव्हता. आता ती नाही.

काका म्हणतात, सगळं यूट्यूबवर टाक, आजीचं नाव होईल. आत्या म्हणते, ती दोन सोडून टाक. त्या माणसांची नातवंडं आपल्याच गावात राहतात, त्यांनी काय केलंय? मी दोघांच्याही बाजूने बरेच दिवस विचार केला.

काकांच्या म्हणण्यात दम आहे. जात्यावरच्या ओव्या ही बायकांची एकमेव दैनंदिनी होती. दळण गिरणीत गेलं आणि ती बंद पडली. हेमा राईरकर आणि गी पॉटवँ यांनी सहकाऱ्यांसोबत महाराष्ट्रातल्या गावांतून एक लाखाहून जास्त ओव्या गोळा केल्या नसत्या, तर केवढं गेलं असतं! आज ‘पारी’च्या संकेतस्थळावर त्या ओव्या ऐकता येतात, गाणारीच्या नावासकट आणि गावासकट. बाईचं गाऱ्हाणं तेवढं ‘घरचं’ म्हणून झाकायचं आणि भक्तीच्या ओव्या मिरवायच्या, यात तिच्यावर दुसऱ्यांदा अन्याय होतो. त्या दोन ओव्या म्हणजेच कदाचित ती सगळ्यात जास्त होती.

आत्याच्या म्हणण्यातही दम आहे. आजीने त्या ओव्या भिंतीला ऐकवल्या, गावाला नाही. आणि त्यात ज्यांची नावं आहेत त्यांना उत्तर द्यायला तोंड नाही.

मी ठरवलं ते असं. बाकीच्या ओव्या खुल्या करायच्या, आजीचं नाव आणि गाव घालून, अहिराणी शब्दांचे अर्थ जोडून. त्या दोन ओव्या पुसायच्या नाहीत, कापायच्या नाहीत, ‘सौम्य’ करायच्या नाहीत. त्या बंद ठेवायच्या, आणि बंद आहेत हे उघडपणे लिहायचं: इथे आणखी दोन ओव्या आहेत, २०६० साली उघडाव्यात. तोवर ती नातवंडं म्हातारी झालेली असतील. आकडा मी अंदाजाने घेतलाय, त्यात शास्त्र नाही. पण तारीख नसलेलं कुलूप आणि तारीख असलेलं कुलूप यांत मोठा फरक आहे. पहिल्यात आपण विसरायची सोय करत असतो. दुसऱ्यात आपण कुणावर तरी विश्वास टाकत असतो.

काकांना हे पटलेलं नाही. आत्यालाही पुरतं पटलेलं नाही. तिला नोंदसुद्धा नको होती. त्या दोघांची नाराजी मला मान्य आहे. मेलेल्या माणसाच्या वतीने घेतलेला निर्णय सगळ्यांना आवडला, तर आपण तिला सोडून हयात माणसांचीच सोय पाहिली, अशी शंका घ्यायला जागा राहते.

हा प्रश्न आता अभ्यासकांपुरता उरलेला नाही. राजवाड्यांना एका दप्तरासाठी कोसच्या कोस चालावं लागायचं. तुमच्या खिशात आज एका वाड्याचं दप्तर आहे: गेलेल्या आजोबांच्या व्हॉइस नोट्स, मामीने रात्री दोन वाजता पाठवलेला लांबलचक मेसेज, कुणाच्या तरी वहीचे फोटो. त्याचे मधले हात तुम्हीच आहात, तुम्ही ते काम मागून घेतलेलं असो वा नसो. ‘शेअर’ किंवा ‘डिलीट’ दाबण्याआधी तीन गोष्टी विचारून पाहा. हे पोचलं नाही की झाकलं होतं? झाकलं असेल तर कशासाठी, आणि ते कारण अजून आहे का? आणि आज माझा निर्णय चुकीचा ठरला, तर पन्नास वर्षांनी येणाऱ्याला तो फिरवता येईल, एवढी जागा मी ठेवली आहे का?

तिसऱ्या प्रश्नाचं उत्तर ‘नाही’ आलं, तर थांबा. छापलेलं परत घेता येत नाही आणि पुसलेलं परत आणता येत नाही. जपून ठेवलेल्या आणि नीट नोंद केलेल्या गोष्टीबद्दलच पुढचा माणूस आपल्याशी असहमत होऊ शकतो. निदान तेवढी मुभा त्याला द्यावी, एवढं तरी आपण त्याचं देणं लागतो.